बेन व्हान ऑस
बेन व्हान ऑस (१९४४–२०१२) हे डच निर्मिती-संकल्पक, म्हणजे चित्रपटातील वास्तू, सामान व रंग यांचे एकसंध दृश्यरूप ठरवणारे कलावंत होते. यान रूल्फ्स यांच्यासह त्यांनी ब्रिटिश दिग्दर्शक पीटर ग्रीनवे यांच्या ‘अ झेड अँड टू नॉट्स’ (१९८५), ‘प्रॉस्पेरोज बुक्स’ (१९९१) आदी चित्रपटांचे नेपथ्य उभे केले. यांपैकी पहिल्या चित्रपटातच सतराव्या शतकातील डेल्फ्टचे चित्रकार योहानस व्हर्मीर यांचे संदर्भ ठायी ठायी येतात. पुढे त्याच चित्रकारावरील ‘गर्ल विथ अ पर्ल इअरिंग’ (२००३) या चित्रपटासाठी व्हान ऑस यांनी व्हर्मीरचे घर व चित्रशाळा रचली, आणि खिडकीतून येणारा उजेड हाच कथेचा कणा असल्याने ही रचना त्यांची सर्वांत परिपक्व कृती ठरते. या चित्रपटासाठी आणि त्याआधी ‘ऑर्लँडो’साठी (१९९२) त्यांना कलादिग्दर्शनाच्या ऑस्करचे नामांकन मिळाले होते.