हिरवं बटन सोडलं तरी मोटार चालू कशी राहते?

उन्हाळी धानाला पाणी सुरू आहे आणि आमच्या जवाहरनगरच्या पट्ट्यात या महिन्यात दोन मोटारी जळाल्या. दोन्ही वेळा स्टार्टर शाबूत. म्हणून आज या लोखंडी डब्याचा इतिहास लिहितो.

आधी मोटार. निकोला टेस्लानं १८८८ साली अमेरिकेत फिरत्या चुंबकीय क्षेत्रावर चालणाऱ्या मोटारीची पेटंटं घेतली. पुढच्याच वर्षी जर्मनीत काम करणाऱ्या दोलिवो-दोब्रोवोल्स्की नावाच्या रशियन इंजिनिअरनं तीन फेजची, पिंजऱ्यासारख्या रोटरची मोटार बनवली. ना कार्बन ब्रश, ना रोटरला वायर. आपल्या बोअरमधली सबमर्सिबल मुळात तीच आहे.

महाराष्ट्रात लक्ष्मणराव किर्लोस्करांनी १९१० साली किर्लोस्करवाडी वसवली. नांगर झाले, पंप झाले, आणि १९४६ साली त्यांच्याच घराण्यानं बंगळूरला विजेच्या मोटारींचा कारखाना काढला. १९६० साली वीज मंडळ आलं, खांब गावोगाव गेले, मोट सुटली. आपल्याकडं तर मोटेपेक्षा मामा तलावाचं राज्य. उन्हाळी धान वाढला तशा बोअर वाढल्या.

मोटारीसोबत स्टार्टर आला, पण तो मुळात कारखान्यासाठी बनलेला. हिरवं बटन दाबलं की नो-व्होल्ट कॉइलला करंट मिळतो, ती चुंबक होते आणि तीन फेजचे कॉन्टॅक्ट ओढून बसवते. सोबत एक चौथा लहान कॉन्टॅक्टही बसतो. तो हिरव्या बटनाला समांतर जोडलेला असतो, म्हणून बोट काढलं तरी कॉइलचा रस्ता चालू राहतो. लाल बटन फक्त हा रस्ता तोडते. ओव्हरलोड रिले पण तेच करते: करंट जास्त झाला की आतली पट्टी तापून वाकते आणि कॉइल सुटते. लाईन गेली तरी कॉइल सुटते, आणि लाईन आली म्हणून मोटार आपोआप सुरू होत नाही. कारखान्यात कोणाचा हात मशीनमध्ये असू शकतो, म्हणून ही सोय. मला तर यात चौथा कॉन्टॅक्टच सगळ्यात हुशार वाटतो.

आता आपली भानगड. कॉइल जोडलेली असते दोन फेजवर. तिसरा फेज गेला तर कॉइलला पत्ताच लागत नाही, ती ओढूनच बसते. मोटार दोन फेजवर घुंघुं करत जास्त करंट ओढते. रिले नीट सेट असेल तर ट्रिप होते. पण वारंवार ट्रिप होते म्हणून आपण स्क्रू फिरवून ती वाढवून ठेवतो, आणि पाच हॉर्सपॉवरची मोटार जी साडेसात अँपिअरच्या आसपास चालायला पाहिजे, ती चूपचाप जळते. यावर उपाय सिंगल फेजिंग प्रिव्हेंटर. रिवाइंडिंगच्या बिलापुढं तो स्वस्तच पडतो.

दुसरं प्रकरण ऑटो-स्विचचं. लाईन रात्री येते, साप-विंचवाच्या बांधीत कोण जाईल? म्हणून लाईन आली की बटन दाबायचं काम हा डबा करतो. शेतकऱ्याचा यात दोष मी धरत नाही. पण सुरू होताना मोटार पाच-सहा पट करंट ओढते, आणि एका डीपीवरच्या सगळ्या मोटारी एकाच क्षणी उठल्या तर डीपी बसते. आणि विहिरीत फूटवॉल्व्ह काढायला माणूस उतरलेला असताना लाईन आली तर? महावितरण ऑटो-स्विच काढा म्हणते ते याच्यासाठीच. ठेवायचाच असेल तर टायमर लावा, प्रत्येकानं वेगळ्या मिनिटांचा. आणि विहिरीत उतरताना मेन स्विच पाडून फ्यूज काढा, खिशात घाला.

सौर पंपवाल्यांच्या कंट्रोलरमध्ये मोटार हळूहळू वेग घेते, झटका नाही. मात्र आत तीन फेजची मोटार असेल तर ती दोब्रोवोल्स्कीचीच.