एका रुमालातील चार ग्रंथ

नगर जिल्ह्यातील आपल्या जुन्या घराण्यांची हकीकत या वार्षिक अंकात द्यावी असे सभेच्या बैठकीत ठरले आणि ते काम आमच्याकडे आले. अशा हकीकतीत मूळ पुरुषाचे नाव, वतनाची सनद, कुलदैवत आणि देवालयास दिलेली देणगी एवढे आले म्हणजे लेखक कृतकृत्य होतो व वाचकही संतुष्ट होतो. आम्हीही त्याच अपेक्षेने निघालो होतो. परंतु पारनेर तालुक्यातील एका खेड्यात, आमच्याच आप्तांच्या वाड्यात जो एक रुमाल सोडला गेला, त्याने आमच्या कामाची दिशाच पालटली. त्याचीच हकीकत आज सादर करीत आहो.

तरुण वाचकांसाठी सांगणे अवश्य आहे की, रुमाल म्हणजे दप्तर बांधण्याचे जाडेभरडे चौकोनी वस्त्र. माळवदाच्या खोलीत, खुंटीवर, तो कित्येक पिढ्या टांगलेला होता. दसऱ्याच्या दिवशी त्यावर हळदकुंकू पडे. परंतु तो सोडून पाहण्याचे कारण कोणास पडले नव्हते. मोडी लिपी शाळांतून गेली त्याला आता दोन पिढ्यांहून अधिक काळ लोटला आहे, आणि जे वाचता येत नाही त्याची पूजा करणे सोपे असते.

रुमाल सोडला तेव्हा वर एक पोथी निघाली, तिच्याखाली खतावणी, त्याखाली एका निवाड्याचा कागद, आणि तळाशी कोणा पूर्वजाने वेळोवेळी करून ठेवलेले टिपण. अध्यात्म, अर्थ, न्याय आणि इतिहास ही चारही शास्त्रे एका वस्त्रात एकत्र नांदत होती. ग्रंथालयात ही चार निरनिराळ्या कपाटांत ठेवतात. जुन्या घराने ती एकाच गाठीने बांधली होती. ती एकमेकांशेजारी ठेवून वाचली तरच त्यांचा अर्थ लागतो, हे आम्हांस त्या दिवशी उमगले.

पोथी होती भक्तलीलामृताची. तिचा कर्ता महीपती हा याच जिल्ह्याचा, राहुरी तालुक्यातील ताहराबादचा. इसवी सन १७१५ ते १७९० हा त्याचा काळ. भक्तविजय त्याने शके १६८४ म्हणजे १७६२ साली पुरा केला आणि भक्तलीलामृत शके १६९६ म्हणजे १७७४ साली. त्याच्या घरी गावचे कुलकर्ण होते. पूजेत असताना सरकारी कामासाठी बोलावणे आले आणि त्यानंतर आपली लेखणी संतचरित्रांखेरीज कशासही लावणार नाही असा त्याने निश्चय केला, अशी परंपरेची कथा आहे. हिशेबाच्या लेखणीतून भक्तीची लेखणी निघाली ती अशी. याच ग्रंथात तुकोबांचे चरित्र विस्ताराने आले आहे. वडिलांच्या सावकारीची खते भावाशी निम्मी वाटून घेऊन आपल्या वाटणीची त्यांनी इंद्रायणीत बुडविली, ही कथा महीपतीने सांगितली आहे. आमच्या आप्तांच्या घरी हा भाग दरसाल चातुर्मासात वाचला जात असे. पोथीची ती पाने हाताळून मऊ झाली आहेत.

आणि तिच्याच खाली खतावणी होती.

खतावणीतील एक पान आम्ही मोडीवाचकाकडून अक्षरशः लावून घेतले. गावातीलच एका कुळाचे ते खाते शके १७८४ पासून १७९६ पर्यंत, म्हणजे १८६२ पासून १८७४ पर्यंत चालले आहे. मुद्दल बेताचेच. परंतु दर तीन वर्षांनी जुने खाते बंद होते, व्याज मुद्दलात मिळविले जाते आणि नव्या खतावर नवी रक्कम चढते. चौथ्या खताच्या वेळी मूळ कर्ज शोधून काढावे लागते, इतके ते व्याजाखाली दडून गेले आहे. कुळाच्या हातची अक्षरे पानावर कोठेही नाहीत. खताचा उल्लेख येतो तेथे निशाणी नांगर एवढेच.

दर तीन वर्षांनीच का, या प्रश्नाचे उत्तर खतावणीत मिळत नाही. ते कायद्याच्या पुस्तकात मिळते. १८५९ च्या मुदतीच्या कायद्याने साध्या खतावरील मागणीस तीन वर्षांची मर्यादा घातली. ऋणकोस जुन्या दाव्यांपासून संरक्षण मिळावे हा हेतु. परंतु मुदत संपण्यापूर्वी सावकार नवे खत लिहून घेऊ लागला आणि व्याजावर व्याज चढण्याचा मार्ग कायद्यानेच मोकळा करून दिला. आपल्या धर्मशास्त्रात दामदुपटीचा नियम आहे: एका वेळी वसूल करावयाचे व्याज मुद्दलाहून अधिक होऊ नये. नवे खत झाले की जुने व्याज हेच नवे मुद्दल ठरे, आणि नियम शब्दशः पाळूनही मोडता येई.

न्यायशास्त्राचे ज्ञान या भागास परके होते असेही नाही. निजामशाहीच्या आरंभकाळी, त्या राज्याच्या पदरी असलेल्या दलपति नावाच्या अधिकाऱ्याने नृसिंहप्रसाद हा धर्मशास्त्राचा प्रचंड संस्कृत निबंधग्रंथ रचला; त्यात व्यवहारसार हा स्वतंत्र भाग न्यायव्यवहारावर आहे. मुसलमान सुलतानाच्या सेवकाने हिंदु धर्मशास्त्राचा संग्रह करावा, ही गोष्ट मुद्दाम लक्षात ठेवण्यासारखी आहे. परंतु संस्कृत ग्रंथातला न्याय नांगराची निशाणी करणाऱ्याच्या कानी पडणार कसा?

त्याच्या कानी पडणारा न्याय रुमालातील तिसऱ्या कागदात होता. तो एका शिवेच्या तंट्याचा महजर आहे. गोतसभा बसली, दोन्ही पक्षांच्या जबान्या झाल्या, वृद्धांच्या साक्षी निघाल्या, आणि निर्णय सर्वांसमक्ष वाचून दाखविला गेला. खाली पाटलाचा नांगर, वाण्याची तागडी, कुलकर्ण्याची लेखणी अशा निशाण्या ओळीने उमटल्या आहेत. तेथेही बहुतेकांना वाचता येत नव्हते. परंतु कागदात काय लिहिले आहे ते सर्वांनी ऐकले होते. महजर चारचौघांत वाचला गेला, खतावणी मात्र एका माणसाच्या मांडीवर लिहिली गेली. दोन्ही कागद एकाच घरातले, बहुधा एकाच बोरूचे. अंतर पडले ते या ठिकाणी.

चौथे टिपण. त्यात धान्याचे भाव, ओढ्याचा पूर, देवीची साथ अशा नोंदी आहेत, आणि शके १७९७ च्या ज्येष्ठात गावोगाव खते जाळली गेल्याची एक ओळ आहे. शाळेतील इतिहासात ज्यास दख्खनचा दंगा म्हणतात तोच हा. पुणे जिल्ह्यातील सुपे येथे १२ मे १८७५ रोजी त्यास तोंड फुटले, आणि नगर जिल्ह्यात पारनेर, श्रीगोंदे आदी तालुक्यांत तो पसरला. अमेरिकेतील यादवी युद्धामुळे १८६१ ते १८६५ या काळात येथील कापसास सोन्याचा भाव आला व कर्ज सढळ झाले. युद्ध संपताच भाव कोसळले, त्यात फेरपाहणीने धारा वाढला. शेतकऱ्यांनी सावकारांकडे मागितली ती खते आणि वह्या. जेथे कागद हाती आले तेथे त्यांची होळी झाली आणि जमाव बहुधा तेवढ्यावर परतला. आपणांस न वाचता येणारे पुस्तक आपला घात करीत आहे हे ज्यांनी ओळखले, त्यांना ते जाळण्यावाचून दुसरे वाचन ठाऊक नव्हते.

मग हे दप्तर वाचले कसे? घरातील वृद्ध आजीबाईंनी आपल्या सासूकडून ऐकलेले सांगितले: खतावणी पोथीच्या रुमालात बांधलेली होती, आणि पोथीचा रुमाल कोणी सोडला नाही. हे ऐकून आम्ही काही वेळ बोलू शकलो नाही. ज्या पोथीत तुकोबा खते बुडवितात, तिच्याच आड ही खते सुखरूप राहिली होती.

त्या संध्याकाळी वाड्यात वाद झाला. घरातील वडीलधारे, ज्यांना सारा गाव तात्या म्हणतो, ते म्हणाले, “महजर छापा, पोथीचा फोटो छापा. हे पान मात्र कशाला? त्या कुळाचे पणतू आजही आमच्या शेजारी नांदतात. पोथीबरोबर तेही गोदावरीत सोडून देऊ, म्हणजे दोष उरणार नाही.” तात्यांचा हेतु वाईट नव्हता. आपल्या लोकांत जीर्ण कागदांचे विसर्जन करण्याची चाल आहेच. आम्ही एवढेच म्हणालो, “तात्या, तुकोबांनी खते बुडविली ती ऋणकोस मुक्त करण्यासाठी. आपण बुडवू पाहतो ते स्वतःस मुक्त करण्यासाठी. पाणी तेच असले तरी पुण्य तेच कसे असेल?”

वाद तेथेच राहिला. परंतु आमच्या मनास हा प्रश्न लागून राहिला की, ज्ञातीचा इतिहास म्हणजे काय? या जिल्ह्याने इतिहासकार पुष्कळ पाहिले. फरिश्त्याचे तारुण्य निजामशाही दरबारात गेले, आणि पुढे विजापुरास त्याने आपला ग्रंथ लिहिला. नगरच्याच किल्ल्यात बंदिवासात असता १९४४ साली पंडित नेहरूंनी भारताच्या शोधाचे पुस्तक लिहिले, आणि मौलाना आझादांची गुबारे खातिर ही पत्रेही तेथलीच. त्याहून जुने उदाहरण सराळ्याच्या म्हाइंभटाचे. श्रीचक्रधरांच्या आठवणी गोळा करताना ज्याने प्रत्यक्ष पाहिले-ऐकले त्याच्याकडे तो स्वतः गेला, आणि लीळाचरित्र सिद्ध झाले. पुढे महानुभावांचे ग्रंथ सांकेतिक लिप्यांत बंद झाले आणि कित्येक शतके पंथाबाहेरच्या महाराष्ट्रास मराठीचे हे आद्य गद्य ठाऊकच नव्हते. विसाव्या शतकाच्या आरंभी राजवाडे, भावे यांसारख्या संशोधकांनी ती कुलुपे उघडली. १९०९ साली राजवाड्यांनी जुन्या हस्तलिखितावरून ज्ञानेश्वरी छापली, आणि त्याच वर्षी म्हैसुरास शामशास्त्र्यांनी कौटिल्याचे अर्थशास्त्र प्रसिद्ध केले. अध्यात्माचा आणि अर्थाचा एकेक ग्रंथ असा एकाच वर्षी जगापुढे आला. दोन्ही कोणाच्या तरी जुन्या संग्रहात पडून होते. कोणी तरी ते सोडले व दुसऱ्यास वाचावयास दिले, एवढाच त्या शोधाचा अर्थ.

आमच्या खतावणीपुढची कथाही सांगण्यासारखी आहे. दंग्याच्या चौकशीनंतर १८७९ साली दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कायदा झाला; पुणे, सातारा, सोलापूर आणि नगर या चार जिल्ह्यांस तो लागू झाला. खताच्या मागे जाऊन मूळ व्यवहार तपासण्याचा अधिकार न्यायालयास मिळाला, आणि पावती व हिशेबाचा उतारा मागण्याचा हक्क ऋणकोस मिळाला. वही दोघांनी पाहावी, हे तत्त्व प्रथम कायद्याच्या पुस्तकात आले. ते शेतकऱ्याच्या हाती येण्यास आणखी काळ लागला. १९२३ साली लोणीस विठ्ठलराव विखे पाटलांनी सहकारी पतपेढी काढली, आणि धनंजयराव गाडगीळांसारख्या अर्थशास्त्रज्ञाच्या मार्गदर्शनाखाली प्रवरेचा सहकारी साखर कारखाना उभा राहून १९५० च्या अखेरीस त्याचा पहिला गळीत हंगाम सुरू झाला. ज्यांच्या आज्यांनी निशाणी नांगर केला, त्यांनी आपली खतावणी आपल्या अक्षरांत लिहिण्यास आरंभ केला. सहकारासही पुढे दोष जडले हे आम्ही जाणतो. तथापि वही उघडी असली तर दोष दिसतात तरी.

दहा-बारा दिवसांनी तात्यांचा निरोप आला. “पान छापा. आणि त्याची बाळबोधीत एक प्रत करून आणा. मी स्वतः ती त्या घरी नेऊन देतो. हिशेब त्यांचाही आहे.” कुळाचे वा घराण्याचे नाव आम्ही येथे दिलेले नाही, तशी दोन्ही घरांची इच्छा आहे. परंतु प्रत पोचली आहे. त्या घरी चहा झाला, आणि थोरल्या मुलाने मोडी शिकण्याची इच्छा बोलून दाखविली, असे तात्या सांगत होते.

ज्ञातिबांधवांस आमची विनंति एवढीच. या जिल्ह्याचे नाव २०२४ साली अहिल्यानगर झाले; माळवदे पडत आहेत, वाड्यांच्या जागी नव्या इमारती उठत आहेत, आणि रुमाल रद्दीत जात आहेत. आपल्या घरी रुमाल असेल तर तो सोडावा. ओल व कसर लागण्यापूर्वी कागदांची छायाचित्रे घ्यावी. मोडी जाणणाऱ्याकडून यादी करवून तिची एक प्रत सभेकडे पाठवावी. त्यात सनद निघाली तर आनंदच आहे. न शोभणारे पान निघाले तर तेही ठेवावे, आणि ते ज्याचे असेल त्यास दाखवावे. पूर्वजांचे ऋण फेडण्याचा याहून सरळ मार्ग आम्हांस तरी दिसत नाही. इति अलम्.