कल्याणचं गहाण आणि पुण्याचा हप्ता



बसवकल्याणला आपण किल्ला बघायला जातो, बसवण्णांच्या अनुभव मंटपाला जातो. पण घर गहाण टाकण्याचे नियम ज्या ग्रंथावरून या देशात शेकडो वर्षं ठरत आले, तो ग्रंथही याच गावात लिहिला गेला, हे आपल्या सीमाभागातल्या किती मराठी घरांना ठाऊक आहे? ग्रंथ मिताक्षरा, लिहिणारे विज्ञानेश्वर. चालुक्य राजा सहावा विक्रमादित्य (राज्यकाळ १०७६ ते ११२६) याच्या पदरी ते होते. कलबुर्गी जिल्ह्यातलं मर्तूर हे त्यांचं गाव, असं तिकडची मंडळी मानतात. वारसा आणि वाटणीसाठी मिताक्षरेचं नाव वकिलांच्या तोंडी अजून येतं. कर्जाचं प्रकरण मात्र कुणी उघडत नाही. मी कॉमर्सवाला, आयुष्य बँकेत गेलं, म्हणून माझं लक्ष नेमकं तिकडे गेलं.

याज्ञवल्क्य स्मृतीत ऋणादान नावाचा भाग आहे आणि मिताक्षरा ही त्या स्मृतीवरची टीका. नियम असा: वस्तू गहाण असेल तर व्याज दरमहा मुद्दलाचा ऐंशीवा भाग. म्हणजे शेकडा सव्वा रुपया, वर्षाचे १५ टक्के. हा दर ऐकून कुणी दचकू नये. १९९० च्या दशकात घरकर्ज १४-१५ टक्क्यांच्या आसपासच मिळत होतं आणि लोक रांगा लावून घेत होते. बिनतारण कर्जाचे दर मात्र वर्णाप्रमाणे. ब्राह्मणाला शेकडा २, क्षत्रियाला ३, वैश्याला ४ आणि शूद्राला ५, तेही दरमहा. ज्याच्याकडे कमी, त्याला व्याज जास्त. आज वर्ण विचारत नाहीत, क्रेडिट स्कोअर विचारतात.

पुढचा नियम महत्त्वाचा. रोख रकमेचं व्याज मुद्दलाइतकं झालं की थांबायचं, वर चढायचं नाही. यालाच आपण दामदुप्पट म्हणतो. ऐंशीव्या भागाने ८० महिन्यांत, म्हणजे ६ वर्षं ८ महिन्यांत रक्कम दुप्पट होते आणि मीटर बंद. तोवर सोडवलं नाही तर साधं गहाण बुडतं. पण ज्या गहाणात सावकार वस्तूचा उपभोग घेतो, शेताचं पीक खातो किंवा घरात राहतो, ते गहाण कधीच बुडत नाही. पैसे द्या, वस्तू परत घ्या, कितीही वर्षं झालेली असोत. त्याला नाव होतं भोग्य आधि.

कर्नाटकात राहणाऱ्यांच्या कानाला हा शब्द ओळखीचा वाटला असेल. घरमालकाला चार-पाच लाख एकदम द्यायचे, दोन-तीन वर्षं बिनभाड्याचं राहायचं, सोडताना पैसे परत घ्यायचे, या व्यवहाराला कन्नडमध्ये आजही भोग्य म्हणतात. लोकांना वाटतं घर फुकट राहायला मिळालं. फुकट कसलं? ५ लाख ७ टक्क्यांनी ठेवीत राहिले असते तर वर्षाला ३५,००० आले असते. म्हणजे भाडं महिन्याला २,९१७ रुपये, फक्त ते दिसत नाही. स्वस्तच आहे म्हणा. पण अशा व्यवहाराचा कागद रजिस्टर झालेला नसतो आणि घर आधीच बँकेकडे तारण असू शकतं. मालकाने हप्ते थकवले की २००२ च्या सरफेसी कायद्याने बँक घराचा ताबा घेते आणि भोग्यवाला पाच लाखांसाठी मालकाच्या मागे फिरत बसतो. घर बघायला जाल तेव्हा रंग नंतर बघा, सब-रजिस्ट्रारकडून ईसी आधी काढा. त्यातही एक गोम आहे. मूळ कागद नुसते बँकेत ठेवून केलेलं तारण ईसीवर दिसेलच असं नाही. म्हणून मालकाकडे मूळ खरेदीखत बघायला मागायचं. झेरॉक्स दाखवली तर समजून जायचं.

विज्ञानेश्वरांनंतर एकदम निजामाच्या काळात येतो. आपल्या भागात कोर्टाची भाषा उर्दू, त्यामुळे माझ्या आजीच्या तोंडी गहाण हा शब्द क्वचित, 'रहन' हाच शब्द. वाडा रहन आहे, शेत रहन आहे. नजरगहाण म्हणजे ताबा आपल्याकडे, कागद सावकाराकडे. कबजेगहाण म्हणजे ताबाही त्याचा. सगळ्यात वाईट मुदतखरेदी, उर्दूत बय-बिल-वफा. कागद सरळ खरेदीखताचा, आत एक अट की अमुक सालापर्यंत पैसे दिले तर घर परत. तारीख चुकली की घर गेलं. शिवाय नाणी दोन, हाली आणि कलदार. १०० कलदार रुपयांना ११६ रुपये १० आणे ८ पै हाली पडायचे. सोलापूरच्या पेठेत माल घेणाऱ्याने कर्ज एका नाण्यात घेऊन फेड दुसऱ्यात केली की फरकाची झळ त्यालाच.

आता सावकाराच्या हिशेबाची खरी गोम. व्याज शेकडा दीड रुपया, हा काही फार भयंकर दर नव्हे. ४०० रुपये घेतले तर वर्षाचे ७२. पण दर तीन वर्षांनी कागद नवा करायचा आणि थकलेलं व्याज मुद्दलात घालायचं. तीन वर्षांनी ४०० चे ६१६. सहा वर्षांनी ९४८. नऊ वर्षांनी १,४६१. प्रत्येक नव्या कागदावर आकडा 'मुद्दल' म्हणूनच लिहिलेला, मग दामदुप्पट मोजणार कशावर? कर्जदाराला दर ठाऊक असायचा, मुदत ठाऊक असायची. मधल्या पायऱ्या ठाऊक नसायच्या.

ब्रिटिश मुलखात याच कागदांवरून १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातल्या सुपे गावी दंगा झाला. लोकांनी सावकारांचे रोखे ओढून काढून जाळले. त्यातून १८७९ चा दख्खन शेतकरी कायदा आला. पुणे, सातारा, नगर आणि सोलापूर या चार जिल्ह्यांत न्यायाधीशाला रोख्याच्या मागे जाऊन मूळ रक्कम किती होती ते तपासता येऊ लागलं. सोलापूर जिल्ह्यात हा कायदा, आणि सरहद्द ओलांडून आळंदला आलं की नाही. आपल्याकडे सावकारांवरचा कायदा आणि जमीन हस्तांतराला आळा घालणारा कायदा आला तो १३४९ फसलीत, म्हणजे १९३९-४० च्या सुमारास. साठ वर्षं उशिरा. दुसरा तर शेतजमिनीपुरताच. या साठ वर्षांत आपल्या भागात किती वाड्यांचे मालक बदलले ते जुन्या गल्ल्यांतून फिरताना घरांच्या नावांवरून कळतं. वाड्याला नाव एकाचं, राहणारे भलतेच.

१९४१ मध्ये हैदराबाद स्टेट बँक निघाली. १९५६ मध्ये बीदर जिल्हा फुटला, उदगीर, निलंगा, अहमदपूर महाराष्ट्रात गेले. भालकी, औराद, हुमनाबाद आणि कल्याण म्हैसूर राज्यात राहिले. १९६९ मध्ये बँका सरकारी झाल्या. तरी सामान्य माणसाला घरासाठी कर्ज मिळेना. विहिरीला मिळे, म्हशीला मिळे. घर हे अनुत्पादक, असं आम्हाला शिकवलं होतं. लोक प्रॉव्हिडंट फंडातून, बायकोच्या पाटल्या मोडून, थोडं थोडं करत घर बांधायचे. वरचा मजला दहा वर्षांनी. १९७७ मध्ये एचडीएफसी निघाली, १९८८ मध्ये राष्ट्रीय आवास बँक, आणि मग हळूहळू वीस वर्षांचा हप्ता मध्यमवर्गाच्या घरात शिरला. मला स्वतःला हे कर्ज वाईट वाटत नाही. त्याच्यामुळेच आपली मुलं तिशीत स्वतःच्या घरात गेली, आमच्या पिढीला त्यासाठी पन्नाशी गाठावी लागली.

पण परवा माझा पुतण्या पुण्यात फ्लॅट घेतोय म्हणून फोनवर बोलत होता. २० लाखांचं कर्ज, साडेआठ टक्के. मुदत २० ऐवजी ३० वर्षं घेतोय म्हणाला. "काका, हप्ता दोन हजारांनी कमी बसतो, मग झालं की." मी त्याला कागद-पेन्सिल घ्यायला लावली.

२० वर्षांचा हप्ता १७,३५६. एकूण भरायचे ४१ लाख ६५ हजार. ३० वर्षांचा हप्ता १५,३७८. एकूण ५५ लाख ३६ हजार. महिन्याला १,९७८ रुपये वाचवायचे आणि त्यासाठी १३ लाख ७१ हजार जास्त द्यायचे. १५ वर्षांत फेडलं तर हप्ता १९,६९५ आणि एकूण ३५ लाख ४५ हजार. दर तोच, घर तेच, बँक तीच. फरक फक्त मुदतीचा. तो बराच वेळ गप्प होता. मग म्हणाला, "काका, हे तिथल्या साहेबांनी सांगितलंच नाही." मी म्हटलं, बाळा, तू हप्ता विचारलास, त्यांनी हप्ता सांगितला.

दुसरी गोष्ट लोकांना खरीच वाटत नाही. २० वर्षांच्या याच कर्जात पहिल्या हप्त्यातले १४,१६७ रुपये व्याज आणि फक्त ३,१९० मुद्दल. दहा वर्षं एकही हप्ता न चुकवता भरले, २० लाख ८३ हजार भरून झाले, तरी बाकी निघते १४ लाख. निम्मी मुदत संपली म्हणजे निम्मं कर्ज संपलं, असं समजून दहाव्या वर्षी घर विकायला निघालेले आणि बाकीचं पत्र बघून खुर्चीत बसलेले लोक मी काउंटरपलीकडे बघितले आहेत. यात बँकेने काही लपवलेलं नसतं. राहिलेल्या मुद्दलावर व्याज लागतं, आणि सुरुवातीला मुद्दल मोठं असतं, एवढंच.

आणि दर बदलता असेल तर? मे २०२० ला रिझर्व्ह बँकेचा रेपो दर ४ टक्के होता, फेब्रुवारी २०२३ पर्यंत साडेसहा झाला. समजा कुणी २० लाख पावणेसात टक्क्यांनी २० वर्षांसाठी घेतले. हप्ता १५,२०७. दीड वर्षात बाकी झाली १९ लाख २५ हजार. मग दर चढून सव्वानऊवर गेला, सोयीसाठी एकदम गेला असं धरू. आता महिन्याचं व्याजच १४,८३९. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलात जातात ३६८ रुपये. अशा गतीने कर्ज फिटायला ४० वर्षं लागतील! त्या काळात कित्येकांचा हप्ता बदलला नाही, मुदत वाढत गेली, आणि त्यांना वाटलं आपल्याला दरवाढ लागलीच नाही. सावकाराच्या वहीत कागद नवा व्हायचा तेव्हा निदान अंगठा तरी घ्यायचे. शेवटी ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने नियम केला की दर बदलताना ग्राहकाला कळवा, हप्ता वाढवायचा की मुदत हे त्याला विचारा, ठरीव दराकडे जाण्याची सोय द्या. ज्यांना असं पत्र आलं असेल त्यांनी ते फ्रिजवर चिकटवून विसरू नये.

दामदुप्पट इथं लागू होत नाही का, असं पुतण्याने विचारलं. प्रश्न चांगला होता. ३० वर्षांच्या कर्जात २० लाखांवर ३५ लाख ३६ हजार व्याज, म्हणजे दुपटीच्या कितीतरी पुढे. पण दामदुप्पट ही एका वेळी थकलेल्या व्याजापुरती. महिन्याच्या महिन्याला दिलेलं व्याज त्यात मोजत नाहीत. शिवाय १९८४ पासून बँकिंग कायद्यात २१-अ कलम आहे, बँकेचं व्याज फार झालं म्हणून कोर्टाला हिशेब पुन्हा उघडता येत नाही. पण आजच्या कर्जदाराच्या हातात विज्ञानेश्वरांच्या काळात नव्हतं असं एक शस्त्र आहे. २०१२ पासून बदलत्या दराच्या घरकर्जाला मुदतपूर्व फेडीचा दंड नाही. दिवाळीच्या बोनसातून वर्षाला एक हप्ता जास्त भरला तरी वर सांगितलेलं २० वर्षांचं कर्ज तीन वर्षांहून अधिक आधी संपतं. भरताना मात्र मुदत कमी करा असं लेखी सांगायचं.

आयकराच्या सवलतीचं गणितही लोक उलटं करतात. स्वतः राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला २ लाखांपर्यंत वजावट, तीही जुन्या करपद्धतीत. तीस टक्क्यांच्या टप्प्यात असाल तर शंभर रुपये व्याज देऊन तीसच्या आसपास परत मिळतात. सत्तर जातातच. टॅक्स वाचतो म्हणून कर्ज चालू ठेवा, असं सांगणाऱ्याला हा हिशेब करून दाखवा.

भोग्य आधि बुडत नाही, हा नियम मात्र मेला नाही. १९०८ च्या मुदत कायद्यात गहाण सोडवायला ६० वर्षं होती, १९६३ च्या कायद्याने ती ३० केली. कबजेगहाणाची तीस वर्षं उलटली की सावकाराचे वारस मालकी सांगायचे. २०१४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सिंग राम विरुद्ध शिव राम या खटल्यात सांगितलं की कबजेगहाणात ही मुदत गहाणाच्या तारखेपासून सुरूच होत नाही. पैसे उत्पन्नातून फिटले किंवा मालकाने भरले, की तिथून पुढे. कल्याणला नऊशे वर्षांपूर्वी लिहिलेल्याच्या अगदी जवळ आलं की नाही?

याज्ञवल्क्याने असंही सांगितलं आहे की थोडी थोडी फेड केली तर ती रोख्याच्या पाठीवर लिहावी आणि कर्ज पूर्ण फिटलं की रोखा फाडून टाकावा. आता फाडत नाहीत, परत देतात. डिसेंबर २०२३ पासून कर्ज फिटल्यावर ३० दिवसांत मूळ कागद दिले नाहीत आणि चूक बँकेची असेल तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई आहे. कागद हातात आले की तारणाची नोंद सब-रजिस्ट्रारकडे उतरवून घ्या, आणि घरातल्या सगळ्यांना कागद कुठे ठेवलेत ते सांगा.

भालकी, औराद, आळंद, कल्याणकडच्या कुणाच्या जुन्या ट्रंकेत रहननामा किंवा मोडीतला गहाणरोखा असेल तर पाठीमागच्या बाजूचाही फोटो इथं टाका. पाठीवर फेडीच्या नोंदी असतील तर मी हिशेब लावून देतो. उर्दू वाचणारे एक मित्र आहेत, ते मदत करतो म्हणालेत.