दोघी

सुमित्रा भावे आणि सुनील सुकथनकर या दिग्दर्शकद्वयीचा मराठी चित्रपट (१९९५). गौरी व कृष्णा या खेड्यातील दोन बहिणींची ही कथा. ऐन लग्नात अपघातामुळे नवरदेव दगावतो आणि गौरी अपशकुनी ठरते. पोट भरण्यासाठी मुंबईला धाडलेली ही मुलगी देहविक्रयात ढकलली जाते. तिचे पैसे घराला चालतात. धाकटीच्या लग्नाला ती परतते तेव्हा आई मात्र तिला जवळ करीत नाही. उत्तरा बावकर यांनी ही आई कुठेही खलनायिका होऊ दिलेली नाही. मुलीला दूर ठेवतानाही तिचा शोक जाणवत राहतो, आणि चित्रपटाचे खरे बळ तेच आहे. रेणुका दफ्तरदार गौरीच्या, तर सोनाली कुलकर्णी कृष्णाच्या भूमिकेत आहेत. ना. धों. महानोर यांच्या गीताच्या गायनासाठी अंजली मराठे यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. संगीत आनंद मोडक यांचे.