खिळ्यांची डोकी

मराठी माणसाला ‘पँथर’ हा शब्द परका नाही. 1972 साली मुंबईत नामदेव ढसाळ, ज. वि. पवार, राजा ढाले या तरुण लेखक-कवींनी दलित पँथर उभी केली. हे नाव त्यांनी घेतले ते अमेरिकेतल्या काळ्या लोकांच्या ब्लॅक पँथर पक्षावरून. त्या पक्षातल्या एका तरुणाची ही हकिकत आहे.

त्याचे नाव फ्रेड हॅम्प्टन. वय अवघे 21. इलिनॉय राज्यातल्या शाखेचा तो अध्यक्ष होता. सकाळी उपाशी शाळेत जाणाऱ्या मुलांना त्याचा पक्ष फुकट न्याहारी देई. पोर्तो रिकोच्या आणि गरीब गोऱ्या तरुणांनाही त्याने आपल्याबरोबर उभे केले होते. सरकारला धास्ती वाटली ती या एकजुटीचीच.

4 डिसेंबर 1969. शिकागोत पहाटेचे पावणेपाच वाजलेले. 14 पोलीस घरात घुसले. फ्रेड आणि त्याचा 22 वर्षांचा सहकारी मार्क क्लार्क ठार झाले. फ्रेडची वाग्दत्त वधू त्याच्याशेजारीच झोपलेली होती. तिचे दिवस भरत आले होते.

‘आमच्यावर गोळीबार झाला, म्हणून आम्ही उलट गोळ्या झाडल्या,’ असे पोलीस सांगू लागले. एका वृत्तपत्राने पुरावा म्हणून छायाचित्रे छापली. दाराच्या चौकटीवर गोळ्यांची भोके दाखवली होती. दुसऱ्या वृत्तपत्राचे बातमीदार जाऊन पाहतात तो काय, ती भोके नव्हतीच. ती होती खिळ्यांची डोकी!

पोलिसांनी घर मोहोरबंद केले नव्हते. पँथरांनी ते लोकांसाठी खुले केले. कडाक्याच्या थंडीत हजारो माणसे रांगा लावून आली. गोळ्यांनी चाळण झालेल्या भिंती, रक्ताने भिजलेली गादी त्यांनी डोळ्यांनी पाहिली. पुढे तपासात निघाले, की नव्वदच्या आसपास गोळ्या पोलिसांच्या होत्या आणि पँथरांची फक्त एक.

घराचा नकाशा पोलिसांपर्यंत पोहोचला होता तो पक्षातल्याच एका माणसाकडून. तो एफबीआयचा खबऱ्या होता. नकाशात फ्रेडचा पलंगही दाखवलेला होता. खबऱ्याला बक्षीस मिळाले 300 डॉलर. अशा चळवळी आतून पोखरण्याची एफबीआयची गुप्त मोहीमच चालू होती. 1971 साली पेनसिल्व्हेनियातल्या एफबीआय कचेरीतून काही नागरिकांनी कागद पळवले, तेव्हा ती उघड झाली.

शिक्षा मात्र कोणालाच झाली नाही. ज्यांच्या खात्याने छापा घातला ते सरकारी वकील हॅनरॅहन 1972 साली न्यायालयात निर्दोष सुटले; पण त्याच वर्षीच्या निवडणुकीत काळ्या मतदारांनी त्यांना घरी बसवले. 13 वर्षांनी, 1982 साली, बचावलेल्यांना आणि मृतांच्या कुटुंबीयांना 18 लाख 50 हजार डॉलर भरपाई मिळाली. गुन्हा मात्र सरकारने कबूल केला नाही.

पैसे दिले, हिशेब मिटला, असे सरकारला वाटले असेल. पण रांगेत उभे राहून ते घर पाहिलेल्या लोकांनी आपल्या मुलांना काय पाहिले ते सांगितले, त्या मुलांनी त्यांच्या मुलांना. म्हणून पोलिसांचे निवेदन आले की शिकागोतली काळी माणसे आजही आधी विचारतात, भोके आहेत की खिळे?