महिंद्रा युनायटेड फुटबॉल क्लब

महिंद्रा युनायटेड हा मुंबईतील एक व्यावसायिक फुटबॉल क्लब होता. वाहननिर्मिती करणाऱ्या महिंद्रा अँड महिंद्रा कंपनीने १९६२ साली त्याची स्थापना केली. कूपरेज हे त्याचे घरचे मैदान होते आणि कंपनीच्या जीप गाड्यांवरून संघाला ‘जीपमेन’ हे टोपणनाव मिळाले.

इतिहास

क्लबने १९९८, २००१ व २००८ साली ड्युरँड चषक, तर २००३ व २००५ साली फेडरेशन चषक जिंकला. डेरिक परेरा यांच्या प्रशिक्षणाखाली २००५–०६ च्या हंगामात त्याने राष्ट्रीय फुटबॉल लीगचे विजेतेपद मिळवले. या लीगच्या ११ हंगामांत विजेता ठरलेला तो महाराष्ट्रातील एकमेव क्लब होय. २००७ साली त्याने ए.एफ.सी. चषकाची उपांत्यपूर्व फेरी गाठली.

विसर्जन

आय-लीगच्या २००९–१० च्या हंगामानंतर कंपनीने क्लब बंद केला आणि शालेय व युवा फुटबॉलकडे लक्ष वळवले. संघाची पदावनती झालेली नव्हती. निर्णय सर्वस्वी मालक कंपनीचा होता. पुढच्याच वर्षी राष्ट्रीय लीगचा पहिला विजेता, फगवाड्याचा जेसीटी हा कापड गिरणीचा संघही बंद पडला. त्यामुळे एकाच कंपनीवर विसंबलेल्या क्लबांच्या अस्थिरतेचे उदाहरण म्हणून या दोन्ही संघांकडे पाहिले जाते.