गिअर फोर्क, मालमोटारीचा

मालमोटारीच्या हस्तचलित गिअरपेटीत चालकाने दांडीला दिलेली हालचाल प्रत्यक्ष दंतचक्रांपर्यंत पोहोचविणारा, दोन शिंगांचा धातूचा काटा. आकाराने तो झाडाच्या फांदीच्या बेचक्यासारखा दिसतो. कारागिरांच्या बोलीत त्याला नुसते ‘फोर्क’ म्हणतात आणि तोच शब्द येथे वापरला आहे. गिअरपेटीतील इतर भागांच्या मानाने हा भाग लहान, स्वस्त आणि रचनेने साधा आहे. तरीही चालू गाडीचा गिअर आपोआप सुटणे, गिअर अर्धवट बसणे किंवा पेटी जखडून जाणे, यांपैकी कोणत्याही तक्रारीचा शोध घेताना सर्वप्रथम फोर्क पाहावा लागतो. घाटाच्या उतारावर भरलेल्या गाडीचा गिअर सुटला म्हणजे एंजिनाची रोधक मदत तत्क्षणी नाहीशी होते व सर्व भार चाकांच्या ब्रेकवर पडतो. त्यामुळे या लहान भागाची झीज हा मनुष्यहानीशी निगडित असा विषय ठरतो.

गिअरपेटीच्या मुख्य दंडावर दातेरी बाही बसविलेली असते. कारागीर तिला स्लीव्ह म्हणतात. बाहीच्या बाहेरील अंगाला वर्तुळाकार खाच कोरलेली असते व फोर्कची दोन्ही शिंगे या खाचेत सैलसर बसतात. फोर्कचा मागील भाग एका सरकत्या दांड्यावर निमुळत्या स्क्रूने किंवा खिळीने पक्का केलेला असतो. चालकाने गिअरची दांडी हलविली की तिचे खालचे टोक दांड्याच्या खोबणीत शिरून दांडा पुढे किंवा मागे सारते, दांड्याबरोबर फोर्क सरकतो आणि फोर्कबरोबर बाही सरकून शेजारच्या दंतचक्राच्या पकडीच्या दात्यांत गुंतते. पुढे जाण्याच्या पाच गती असलेल्या पेटीत सामान्यतः असे तीन फोर्क असतात : एक पहिल्या व उलट गतीचा, एक दुसऱ्या-तिसऱ्या गतींचा आणि एक चौथ्या-पाचव्या गतींचा. फोर्क स्वतः फिरत नाही. त्याच्या शिंगांमधील बाही मात्र वरच्या गतीत मिनिटाला दोन हजारांहून अधिक फेरे घेऊ शकते. स्थिर व फिरत्या धातूंच्या मध्ये तेलाचा पातळ थर एवढाच काय तो आडोसा असतो.

येथे एक गोष्ट नीट ध्यानात घेतली पाहिजे, कारण दुरुस्तीचा सगळा विचार तीवर उभा आहे. गिअर धरून ठेवणे हे फोर्कचे काम नव्हे. गिअर बसल्यावर दांडा जागच्या जागी राखण्याचे काम एक पोलादी गोळी व तिच्यामागील स्प्रिंग करते. ही गोळी दांड्यावरील खळग्यात दाबून बसते. बाहीला मागे सरू न देण्याचे काम पकडीचे दातेच करतात, कारण त्यांच्या बाजू दोन ते पाच अंशांच्या किंचित उलट्या उताराने घडविलेल्या असतात आणि भार पडताच बाही दात्यांत अधिक आत ओढली जाते. अशा वेळी शिंगांवर काहीही दाब नसतो. गिअर बसलेला असतानाही फोर्कवर दाब राहत असेल, तर पेटीत अन्यत्र काहीतरी बिघडलेले आहे किंवा चालकाची सवय वाईट आहे, असे निश्चित समजावे.

गिअरपेटीचा इतिहास या दृष्टीने पाहिला, तर तो बऱ्याच अंशी फोर्कवरील बोजा हलका करण्याचा इतिहास आहे. १८९०–१९०० या दशकात फ्रान्समधील पॅनहार्ड व लव्हासॉर यांच्या गाड्यांतून सरकत्या दंतचक्रांची पेटी रूढ झाली. तीत सर्व सरकती चक्रे एकाच नळीवर असत, त्यांना एकच फोर्क ढकलीत असे आणि पहिल्या गतीवरून शेवटच्या गतीवर जाताना मधल्या साऱ्या गती ओलांडाव्या लागत. चालकाचा हात अननुभवी असला म्हणजे फिरत्या चक्रांचे दात एकमेकांवर आपटत व त्या आघातांचा प्रत्याघात फोर्कवर येई. १९०१ साली व्हिल्हेल्म मायबाख यांनी रचलेल्या मर्सेडीझ गाडीत दांडी निरनिराळ्या खोबणींतून फिरविण्याची योजना आली. तीमुळे प्रत्येक जोडगतीला स्वतंत्र दांडा व स्वतंत्र फोर्क मिळाला. मात्र दोन फोर्क एकाच वेळी सरकून दोन गती एकदम गुंतण्याचा धोकाही त्याबरोबर आला. दांड्यांच्या मध्ये बसणारी अडसराची खिळी ही याच धोक्यावरील तोड होय. हिचे महत्त्व पुढे दुरुस्तीच्या संदर्भात येईल.

यापुढील पायरी म्हणजे सतत गुंतलेल्या दंतचक्रांची पेटी. हीत चक्रे जागची हलत नाहीत, फक्त हलकी बाही सरकते. त्यामुळे फोर्कला वजनदार चक्र ढकलावे लागत नाही व चक्रांचे दातही वाचतात. १९२८ मध्ये अमेरिकेतील कॅडिलॅक गाडीत सिंक्रोमेश ही यंत्रणा प्रथम आली. बाही व चक्र यांचे वेग शंकूच्या घर्षणाने आधी सारखे करून मगच दाते गुंतू देणे हे तिचे तत्त्व. मालमोटारींत ती पुष्कळ उशिरा आली. जड वाहनांत सरळ पकडीच्या पेट्या अनेक दशके टिकून राहिल्या व चालकाला ‘डबल क्लच’ मारूनच, म्हणजे मधल्या न्यूट्रल अवस्थेत क्लच सोडून एंजिनाचा वेग जुळवून, गिअर बदलावा लागे. ज्याला हे साधत नसे त्याच्या गाडीचे फोर्क लवकर जात.

भारतात मोटारगाड्यांची जुळणी १९२०–३० या दशकात सुरू झाली. जनरल मोटर्सचा मुंबईतील कारखाना १९२८ चा. दुसऱ्या महायुद्धानंतर लष्कराने विकून टाकलेल्या मालमोटारींनी खाजगी वाहतुकीला मोठी चालना दिली. वालचंद हिराचंद यांनी १९४४ मध्ये स्थापिलेल्या प्रीमिअर ऑटोमोबाइल्सच्या कुर्ला येथील कारखान्यातून १९४७ पासून गाड्या बाहेर पडू लागल्या. १९५४ मध्ये टेल्कोने जर्मनीच्या डाइम्लर-बेंझ कंपनीशी करार करून जमशेटपूर येथे मालमोटारी बनविण्यास सुरुवात केली (हा करार १९६९ मध्ये संपला) आणि १९५५ मध्ये मद्रासच्या अशोक मोटर्सचे अशोक लेलँड असे नामांतर झाले. या नामावळीचा फोर्कशी संबंध असा की, गाड्या अमेरिकन, ब्रिटिश व जर्मन अशा निरनिराळ्या घडणीच्या होत्या. सुटे भाग मिळणे दुरापास्त होते. आणि झिजलेला फोर्क बदलण्यापेक्षा तो भरून काढणे हाच खेड्यापाड्यांतील कारागिरापुढे एकमेव मार्ग होता.

या परिस्थितीचा चांगला दाखला कोल्हापूर जिल्ह्याच्या नैर्ऋत्येकडील आजरा या तालुक्याच्या गावी मिळतो. हिरण्यकेशी नदीच्या खोऱ्यातील हे गाव घनसाळ तांदूळ व काजू यांसाठी प्रसिद्ध आहे. संकेश्वर–गडहिंग्लज–आजरा–आंबोली–सावंतवाडी–बांदा हा देश व कोकण जोडणारा मार्ग गावातून जातो. एकोणिसाव्या शतकात वेंगुर्ले बंदर व बेळगाव यांच्यामधील वाहतुकीसाठी आंबोलीचा घाट महत्त्वाचा ठरला होता. १९६१ मध्ये गोवा मुक्त झाल्यावर याच घाटातून गोव्याकडील वाहतूकही वाढली. आजऱ्याहून आंबोलीपर्यंतचा रस्ता वळणावळणांचा, चढउतारांचा आहे. सुमारे ६९० मी. उंचीवरील आंबोलीपासून दाणोलीपर्यंत मात्र तो एकसारखा उतरतो. वर्षाला ७,००० मिमी.च्या आसपास पाऊस झेलणाऱ्या या टापूत पावसाळ्याचे चार महिने ओला रस्ता व धुके हा नित्याचा भाग असतो. याखेरीज ऊसगाळपाच्या हंगामात शेतातून भरलेली गाडी बाहेर काढावी लागते, ती वेगळीच.

अशा मार्गावर फोर्कची झीज सपाटीवरील गाडीहून निराळी होते. सपाटीवर दिवसाचा बहुतेक काळ वरची गती चालू असते. घाटात दुसऱ्या-तिसऱ्या गतींची अदलाबदल सतत चालते, म्हणून त्यांचा फोर्क आधी झिजतो. चढावर एंजिन चाकांना ओढते, तर उतारावर चाके एंजिनाला ओढतात आणि दात्यांवरील जोराची दिशा उलटते. ज्या दात्यांचा उलटा उतार घासून गेला आहे त्यांतून बाही नेमकी याच उलटापालटीच्या वेळी बाहेर सरकू पाहते. गिअर सुटतो आहे हे जाणवताच चालक दांडी हाताने दाबून धरतो. त्याच्या दृष्टीने हा तत्काळ उपाय असतो, परंतु फोर्कच्या दृष्टीने ती खरी दुखापत होय. दांडीचा टेकूखालील भाग वरील भागाच्या सातव्या-आठव्या हिश्शाएवढा असेल, तर हाताचा ५ किग्रॅ. दाब फोर्कपाशी ३५ ते ४० किग्रॅ. होतो. एवढ्या दाबाखाली फिरत्या खाचेतील तेलाचा थर तुटतो, शिंगांची टोके तापून निळसर पडतात आणि धातू भराभर झिजू लागतो. डिझेल वाचविण्यासाठी उतारावर गाडी न्यूट्रलमध्ये सोडण्याची आणि मग घाईने गिअर घालण्याची सवय तर याहूनही घातक. त्या प्रसंगी फोर्क झिजत नाही, वाकतो.

कोल्हापूरचा उद्यमनगर भाग व पुढे शिरोली आणि गोकुळ-शिरगाव येथील औद्योगिक वसाहती यांमधून ओतकाम व लेथकाम यांचे जे कसब वाढले, त्याचा लाभ आसपासच्या तालुक्यांना झाला. तालुक्याच्या गावी गिअरपेटी उतरवावी, झिजलेला भाग जिल्ह्याच्या गावी पाठवून भरून, घासून आणावा आणि पुन्हा जोडावा, असा परिपाठ त्यातून पडला. एस.टी.च्या आगारांनीही या भागात गिअरपेट्यांचे काम जाणणारे हात तयार केले. आजरा येथेही असे आगार आहे.

झिजलेली शिंगे भरण्याच्या जुन्या पद्धतीत पितळेचा भराव घालीत. त्यामागील कारण शास्त्रीय आहे. पुष्कळ फोर्क वर्धनीय बिडाचे असत. हे बीड दीर्घकाळ तापवून चिवट केलेले असते; ते वेल्डिंगच्या ज्योतीखाली वितळले, तर थंड होताना पुन्हा पांढऱ्या, ठिसूळ बिडात रूपांतरित होते आणि शिंग पहिल्याच धक्क्याला तुटते. पितळ बिडाहून कमी तापमानाला वितळत असल्याने मूळ धातू न वितळता भराव चिकटतो. शिवाय पोलादी खाचेवर पितळेचा पृष्ठभाग कमी घर्षणाने चालतो. हे तर्कशुद्ध स्पष्टीकरण ज्यांना पुस्तकातून कधी मिळाले नव्हते अशा कारागिरांनीही अनुभवाने तोच निष्कर्ष काढला होता, ही गोष्ट प्रस्तुत लेखकास विशेष उल्लेखनीय वाटते. घडीव पोलादाच्या फोर्कला हा नियम तितका कडकपणे लागू नाही, तर ॲल्युमिनियमच्या फोर्कवर असा भराव घालूच नये.

दुरुस्तीचा आरंभ पेटी उघडण्यापूर्वीच होतो. कोणती गती सुटते, चढावर सुटते की उतारावर, आणि सुटताना दांडी हळूहळू सरकते की झटक्याने उडते, हे चालकाला विचारून घ्यावे. क्लच पूर्ण सुटतो की नाही हे पाहावे, कारण अर्धवट सुटणाऱ्या क्लचमुळे प्रत्येक बदलात फोर्कवर जोर पडतो. पेटीचे व क्लच-घराचे बोल्ट ढिले असतील, तर ते आवळल्यानेच कधीकधी तक्रार मिटते. नंतर तेल काढून ते स्वच्छ पांढऱ्या कापडावर गाळावे; पिवळे कण शिंगांच्या भरावाचे असण्याचा संभव अधिक, तर चकचकीत पोलादी कपच्या दात्यांच्या असतात.

अनेक मालमोटारींत दांडे व फोर्क वरच्या झाकणातच बसविलेले असतात. सर्व दांडे न्यूट्रलमध्ये आणून झाकण सरळ वर उचलावे. दांडा बाहेर काढताना गोळी स्प्रिंगच्या जोराने उडते, म्हणून भोकावर कापड धरावे. अडसराची खिळी बोटाच्या पेराएवढी असते व तेलात सहज हरवते. ती न बसविता पेटी जोडली गेल्यास दोन गती एकदम गुंतून पेटी जखडते. चालू गाडीत याचा अर्थ मागील चाके अकस्मात थांबणे असा होतो. फोर्कच्या दुरुस्तीत मनुष्यजीवाला सर्वांत मोठा धोका या एका विसराळूपणातून उद्भवतो.

फोर्क दांड्याशी काटकोनात आहे की नाही हे गुण्याने पाहावे. एक शिंग अधिक व दुसरे कमी झिजले असेल, तर फोर्क वाकलेला आहे असे समजावे. पोलादी फोर्कचा किंचित बाक थंड अवस्थेतच दाबयंत्राखाली काढता येतो. ज्योतीने तापवून सरळ केलेला फोर्क पुन्हा वाकतो. शिंग व खाच यांमधील फट फीलर पट्टीने मोजावी. नव्या जोडीत ती मिलिमीटरचा काही दशांश असते, १ मिमी.च्या आसपास गेली म्हणजे बहुतेक पेट्यांत फोर्क बाद समजतात, मात्र निर्मात्याच्या पुस्तिकेतील आकडाच अखेरचा मानावा. खाचेच्या भिंती खरवडलेल्या असतील, तर बाहीही बदलावी, कारण खरबरीत खाच नवा फोर्क थोड्याच दिवसांत खाऊन टाकते. पकडीच्या दात्यांची टोके गोल झाली आहेत काय, मुख्य दंड बेअरिंगमध्ये पुढेमागे हलतो काय, गोळीची स्प्रिंग आखूड झाली आहे काय आणि दांड्यावरील खळगे पसरट झाले आहेत काय, हे पाहिल्यावाचून नवा फोर्क बसविणे म्हणजे रोग तसाच ठेवून पट्टी बांधणे होय. जोडणीत निमुळता स्क्रू आवळून त्याला तारेचा फास द्यावा. झाकण ठेवताना प्रत्येक फोर्क आपापल्या खाचेत उतरला आहे याची खात्री करावी आणि एंजिन सुरू करण्यापूर्वी सर्व गती हाताने घालून पाहाव्यात.

सुटे भाग सर्वत्र मिळू लागल्यापासून फोर्क भरण्यापेक्षा बदलण्याकडे कल आहे व जड वाहनांच्या बाबतीत तो योग्यच म्हटला पाहिजे. हाताने घातलेल्या भरावाची जाडी दोन्ही शिंगांवर तंतोतंत सारखी साधणे कठीण असते. नव्या घडणीच्या काही फोर्कना शिंगांच्या टोकांशी बदलता येणाऱ्या मऊ पट्ट्या असतात. एकविसाव्या शतकात प्रसार पावलेल्या स्वयंचलित बदलाच्या पेट्यांमध्ये दांडी हलविणारा हात गेला व त्याची जागा अनेक ठिकाणी संपीडित हवेच्या नळकांड्यांनी घेतली. फोर्क मात्र तेथेही आहे. दांडा कोठवर सरकला हे संवेदक मोजतो. दांडीवर रेलणारा हात नसल्याने ती जुनी झीज टळते, परंतु दात्यांचा उतार घासला गेला किंवा बेअरिंग सैल झाले, तर अशाही पेटीतील शिंगे निळी पडतात.